समुद्राचा पॅक

"अगं, परत अडकलं बघ ते."

आईने हाक मारली तेव्हा धाकटीच्या पायातून चपला निघाल्या होत्या, पण खांद्यावरची पर्स अजून खांद्यावरच होती. आतल्या खोलीत कॉम्प्युटरचा पंखा असा घरघरत होता की तिला क्षणभर वाटलं, प्रयोगशाळेतलं रक्ताच्या नळ्या फिरवायचं यंत्रच आपल्या मागोमाग घरी आलंय.

"कधीपासून अडकलंय?"

"तू गेलीस तेव्हापासून. तो निळा गोल नुसता फिरतोय. मीही त्याच्याकडे बघत बसलेय. दोघांनाही दुसरा उद्योग नाही."

धाकटीने यंत्राच्या अंगावर हात ठेवला. ताप आलेल्या पोराचं कपाळ लागतं तसं गरम लागलं. तिने बटण दाबून धरलं, पंखा हळूहळू थांबला, आणि घरात किती शांतता असते ते दोघींच्या लक्षात आलं.

धाकटी हे काही तिचं नाव नव्हे. घरात एक थोरला आणि एक धाकटी, एवढंच. थोरला लांबच्या देशात गेला, तिथलाच झाला. धाकटीच्या कानशिलावर पांढरी बट आली, तरी ती धाकटीच राहिली. एका इस्पितळाच्या प्रयोगशाळेत ती तंत्रज्ञ होती. लोकांचं रक्त यंत्राला द्यायचं, आलेले आकडे भरायचे, सेव्ह दाबायचं, की पुढची नळी. घरी आलं की आईचं अंग पुसायचं, औषधं द्यायची, स्वयंपाक, भांडी, की पुढचा दिवस.

आईचा जन्म गेला शिलाईच्या मशीनवर. मापाची टेप गळ्यात नाही असा तिचा एक दिवस नसे. मग एक झटका आला आणि उजवी बाजू गेली. व्यायाम करून घ्यायला येणाऱ्या बाई म्हणाल्या, डाव्या हाताला कामाला लावा, नाहीतर तोही रुसून बसेल. हे कळल्यावर थोरल्याने तिकडून एक खेळ पाठवला. माणसांचा खेळ. आपण माणसं करायची, त्यांना घर बांधून द्यायचं, मग ती त्यात खातात, झोपतात, कामाला जातात, एकमेकांशी भांडतात. प्रत्येकाच्या नावापुढे भुकेची, झोपेची, आनंदाची पट्टी. पट्टी भरलेली असली की हिरवी, उतरली की लाल. जिंकणं नाही, हरणं नाही.

"म्हातारपणी भातुकली!" आई म्हणाली होती. आणि आठवडाभरात तिला जेवायला दोनदा हाक मारावी लागायला लागली.

मग थोरला पॅक पाठवू लागला. मूळ खेळाला हे वरून जोडायचे. यंदा यायला जमत नाही म्हणून फोन आला, की पाठोपाठ पॅक यायचा. कुत्र्यामांजरांचा आला, ऋतूंचा आला, बागेचा आला, आणि अगदी अलीकडे समुद्राचा, म्हणजे सुट्टीवर जाण्याचा. थोरल्याच्या जागी घरात बर्फ आला, गुलाब आले, एक कान मोडका असलेला कुत्रा आला. कॉम्प्युटर होता तेवढाच राहिला. चार माणसांच्या घरात लग्नाचं वऱ्हाड उतरावं तशी त्याची अवस्था झाली होती.

धाकटीने पर्स न काढताच फोन लावला.

"हे बघ शहाणे," थोरला म्हणाला, "उडवू काही नकोस. नुसतं बंद कर. खेळ सुरू करायच्या आधी पॅकची यादी येते ना, त्यातली टिक काढायची."

"कुठल्या पॅकची?"

"ते तूच बघ. जो जड असेल त्याची. आणि ऐक, हे महत्त्वाचं आहे. टिक काढून जुनं घर उघडलंस, की त्या पॅकचं जे जे आहे ते दिसणार नाही. घाबरू नकोस. सेव्ह न करता बाहेर पड, टिक लाव, सगळं जिथल्या तिथे. पण एकदा सेव्ह केलंस तर मग गेलं. मग ब्रह्मदेव आला तरी नाही."

"समजलं. तू कधी येतोयस?"

"बघतो गं. इथे सध्या फार गडबड आहे. यंत्रच नवीन घेऊन देऊ का?"

"ते लावायला कोण येणार?" ती म्हणाली. मग दोघंही इकडचंतिकडचं बोलली आणि फोन ठेवला.

प्रयोगशाळेतला नियम असा की एका वेळी एकच गोष्ट बदलायची, नाहीतर कशाने काय झालं ते कळत नाही. धाकटीने आईच्या पाठीमागे उशा लावल्या, तिला कॉम्प्युटरचा पडदा दिसेल असं बसवलं, यंत्र पुन्हा सुरू केलं आणि आधी यादीतल्या कुत्र्यामांजरांवर माउसचा बाण नेला.

"कुत्र्याचं काय होईल?" आईने विचारलं.

"दिसणार नाही."

"म्हणजे मरेल?"

"मरणार नाही गं. तो कधी नव्हताच, असं होईल."

आईने जरा विचार केला. "हे मरण्यापेक्षा वाईट आहे," ती म्हणाली. "पण काढ. तसाही आजकाल फार भुंकायचा."

टिक काढली. खेळ उघडला. पंखा घरघरत होता, चित्र अडखळत होतं, पण उघडला. धाकटीने आजवर या खेळात कधी नीट डोकावलं नव्हतं. सवड झाली नव्हती आणि खरं सांगायचं तर हौसही नव्हती. आता तिने घर पाहिलं. पडद्यांना झालर होती, टेबलक्लॉथचे काठ खिडकीच्या चौकटीशी जुळवलेले होते. शिंपिणीचं घर. खाली खुर्चीत आई बसली होती, दोन्ही पाय धडधाकट. वरच्या मजल्यावर एका खोलीत थोरला येरझाऱ्या घालत होता.

"त्याच्या खोलीला दार कुठाय?"

"काढून टाकलं."

"काय?"

"दार ठेवलं की बाहेर जातो मेला. मग दोन दोन दिवस पत्ता नाही."

"अगं, मग खातो काय?"

"फ्रिज दिलाय आत. संडास दिलाय. काही कमी नाही त्याला," आई म्हणाली. "दुपारी मी वर जाऊन त्याच्याशी गप्पा मारते. भिंतीपलीकडून."

धाकटीला हसू आलं, आणि हसता हसता तिने बाण घरभर फिरवला. स्वयंपाकघर, बाग, मागची पडवी, शिवणाची खोली. सगळीकडे पाहिलं. घरात दोनच माणसं होती. तेवढ्यात चित्र गोठलं आणि निळा गोल पुन्हा फिरू लागला.

"ऋतू काढ," आई म्हणाली. "मला या पलंगावर कुठला ऋतू कळतोय?"

ऋतू काढले. काही मिनिटं चाललं, मग अडकलं. बाग काढली. आईच्या गुलाबांच्या जागी सपाट हिरवळ आली आणि तरीही अडकलंच. आता यादीत एकच टिक उरली होती.

"आता हा समुद्राचाच काढायला हवा. सगळ्यांत जड हाच दिसतोय."

"त्याला हात लावू नकोस."

"आई, याच्यामुळेच अडतंय सगळं."

"अडू दे."

"अगं, खेळच उघडणार नाही तर समुद्र काय चाटायचाय?"

"नको म्हटलं ना! दुसरं काहीतरी काढ. माझी शिवणाची खोली काढ."

"ती पॅकमधली नाही. तसं होत नाही."

"मग राहू दे. नाही खेळत मी." आईने तोंड भिंतीकडे केलं. दुपारच्या गोळीने तिला झापड यायचीच. थोड्या वेळाने श्वास संथ झाला.

धाकटी खुर्चीत बसून राहिली. पाय ठणकत होते. खेळ बंद म्हणजे डावा हात बंद, हे तिला ठाऊक होतं. हात रुसला की आईला घासही भरवावा लागणार, आणि तो कोण भरवणार हेही ठाऊक होतं. पण तिच्या मनात सलत होतं ते वेगळंच. समुद्र थोरल्याचा शेवटचा पॅक होता, म्हणून तो जपायचा. थोरल्याला खोली, फ्रिज, गप्पा. जी रोज डोळ्यांसमोर वावरते तिला आख्ख्या घरात एक स्टूलसुद्धा नाही. जिथे पिकतं तिथे विकत नाही म्हणतात, ते काही खोटं नाही.

करून तर बघू, तिने स्वतःला समजावलं. नाही आवडलं तर टिक परत लावू.

तिने समुद्राची टिक काढली.

खेळ पटकन उघडला. पंख्याचा आवाज उतरत उतरत नुसता श्वासाएवढा राहिला. पडद्यावर एक चौकट आली. या घरातील एक व्यक्ती ज्या ठिकाणी होती ते ठिकाण आता उपलब्ध नाही, व्यक्तीला घरी परत आणले आहे, अशा अर्थाचं काहीतरी. प्रयोगशाळेतली यंत्रं अशा चौकटी दिवसभर दाखवतात. तिने ती अर्धी वाचली आणि मिटवली. आणि चौकट मिटवल्यावर तिचा हात इतकी वर्षं जे करत आला तेच त्याने केलं. तिकडे सेव्ह न केलेला रिपोर्ट म्हणजे कुणाच्या तरी दंडात पुन्हा सुई. बोटं विचारत नाहीत. सेव्ह.

पडद्याच्या कोपऱ्यात छोटी हिरवी खूण उमटली तेव्हा तिच्या लक्षात आलं.

आणि मग तिला फाटकापाशी उभी असलेली बाई दिसली. हातात बॅग, डोक्यावर रुंद टोपी, अंगात पिस्त्याच्या रंगाचा झगा. झग्याला खांद्यापाशी बारीक चुण्या होत्या. टोपीखालून केस दिसत होते आणि कानशिलावर एक पांढरी बट होती. बाईच्या नावापुढच्या सगळ्या पट्ट्या, भुकेपासून झोपेपर्यंत, काठोकाठ हिरव्या होत्या.

"आली का परत?"

आई जागी होती. केव्हापासून, कोण जाणे.

"आई, ही..."

"सेव्ह केलंस?"

"सवयीने झालं गं. हात गेला आपोआप."

"मग कुत्रा गेला, गुलाब गेले. आणि घर गेलं," आई म्हणाली. रागावली नव्हती. माप चुकून कापड कापलं गेलं की ती अशीच बोलायची.

"कुठलं घर?"

"किनाऱ्यावरचं. तुझं. लहानसंच होतं. एक खोली, बाहेर झोपाळा. डाव्या हाताने बांधायचं म्हणजे भिंत सरळ येत नाही, तीनतीनदा पाडलं."

"मी तिथे होते?"

"मग कुठे असणार?"

"मला वाटलं... दादाला घरात कोंडलंस आणि मला घालवून दिलंस होय?"

"तो राहायचा नाही म्हणून. आणि तू जायची नाहीस म्हणून." आईने डावा हात पांघरुणातून बाहेर काढला. "आधी तुला घरातच ठेवलं होतं. पण तू बसायचीच नाहीस. मी झोपवावं, तू उठावंस. सांगितलेलं नसताना. मी बाकीच्यांचं बघेपर्यंत तुझ्या सगळ्या पट्ट्या लाल. मग हा पॅक आला, म्हटलं, जा बाई. तिथे काही कामच नाही ठेवलं तुला. नुसती पाण्याकडे बघत बसायचीस."

"मी टिक लावते परत."

"घर येईल?"

"समुद्र येईल. घर नाही यायचं."

"आणि पुन्हा अडकेल."

"हो."

"मग राहू दे," आई म्हणाली. "दमलीस. बस."

धाकटी पलंगाच्या कडेला बसली. पडद्यावर पिस्त्याच्या झग्यातली बाई फाटकातून आत आली. तिने बॅग जमिनीवर ठेवली, थेट स्वयंपाकघरात गेली आणि टेबलावरच्या खरकट्या ताटल्या गोळा करू लागली.

"बघ," आई म्हणाली. "बघितलंस? टोपी तरी काढायचीस मेले."

तिने हात पुढे केला. धाकटीने माउस तिच्या तळव्याखाली सरकवला. बाण थरथरत, भलतीकडे जात, एकदा छपरावर चढून उतरत, शेवटी बाईपाशी पोचला. आईने तिचं काम रद्द केलं. बाईने ताटल्या खाली ठेवल्या, क्षणभर उभी राहिली आणि पुन्हा उचलल्या. आईने पुन्हा रद्द केलं. पुन्हा उचलल्या.

"ऐकत नाही," धाकटी म्हणाली.

"लेक कुणाची आहे?"

आईने बाण तिथून काढला आणि हळूहळू खुर्चीत बसलेल्या स्वतःवर नेला. डाव्या बोटाने दाबलं. पडद्यावरची आई उठली. दोन्ही पायांवर चालत स्वयंपाकघरात गेली, बाईच्या हातातल्या ताटल्या घेतल्या, नळ सोडला आणि घासायला लागली. बाईला आता करण्यासारखं काही उरलं नाही. ती इकडेतिकडे पाहत राहिली. मग आई ज्या खुर्चीतून उठली होती, तिच्यातच जाऊन बसली.

पंख्याचा आवाज येत नव्हता. घरात सकाळची भांडी तशीच पडली होती. धाकटीने खांद्यावरची पर्स काढून मांडीवर ठेवली, आणि नळाखालच्या त्या दोन हातांकडे पाहत बसून राहिली.