कळवेच्यांची खोली

कळवेच्यांच्या खोलीत जायचं तर आधी दारवानकाकांसमोर कवायत करावी लागे. वाकून पायाची बोटं धरायची, मान दोन्हीकडे वळवायची, पोट दाबून दाखवायचं. मग काका चमच्याने एकेक दात वाजवत. कुठे जरा हुळहुळलं, की सरळ घरी. नवी चप्पल चावते म्हणून सुट्टी मिळणारी जगातली ही एकच नोकरी असेल.

कारणही तसंच होतं. कळवेचा म्हणजे मुठीएवढं पाखरू. ते दुखणाऱ्या माणसाच्या अंगावर येऊन बसतं, कळ वेचून घेतं आणि मरतं. हाकललं तरी परत येतं. त्याचा स्वभावच तो. माणसाला मात्र तिथे पुन्हा कधी दुखत नाही. एवढं कळल्यावर माणसं थांबतात होय? आधी शेवटच्या घटका मोजणाऱ्यांसाठी, मग बाळंतिणींसाठी, मग दाढदुखीसाठी आणि शेवटी तर रात्री जास्त झाली म्हणून सकाळी डोकं धरून बसणाऱ्यांसाठी. टोपल्या भरभरून मारली. आता एक नर, एक मादी आणि तिच्याखाली दोन अंडी, एवढंच उरलं होतं.

थोरली त्यांची राखणदारीण. बोलायला फटकळ, पण पाखरांना तळहाताच्या फोडासारखं जपायची. दुर्मिळ जीव राखणाऱ्या त्या वाड्यात पलीकडच्या खोलीत काचेची कासवं सांभाळणारा म्हणायचा, हिने लग्न केलं असतं तर नवऱ्याची चंगळ झाली असती.

त्याच वर्षी तिच्या आईच्या हाडांत दुखणं शिरलं. औषधाच्या बाटल्या होत्या, पण त्यांचा गुण येईना. आई उशीत तोंड खुपसून ओरडायची.

"ताई, एक पाखरू आण," धाकटा भाऊ म्हणाला. "नर आण. अंडी मादीच उबवते ना?"

"नर तिला भरवतो. तो गेला तर तिला उठावं लागेल, आणि अंडी गार पडतील."

"इथे आईची ही दशा, आणि तू मला अंड्यांचं सांगतेस?"

"शेवटची आहेत रे ती."

"आईपण एकच आहे."

थोरलीने औषधाची बाटली उचलून चमचा भरला.

आईने स्वतः कधी मागितलं नाही. एकदाच, कळ जरा ओसरल्यावर, तिने विचारलं, "कसं दिसतं गं ते?" सांगायला बसलो तर आपण उठून घेऊनच येऊ, अशी थोरलीला भीती वाटली. ती म्हणाली, "झोप आता."

आई गेली ती ओरडतच गेली. शेजाऱ्यांनी खिडक्या लावून घेतल्या होत्या. धाकट्याने बहिणीशी बोलणं टाकलं.

सगळं उरकल्यावर थोरली कामावर आली.

"आणखी थोडे दिवस थांबायचंस, पोरी," दारवानकाका म्हणाले.

"घरी बसून काय करू? अंडी फुटायला आलीत. ज्यांच्यासाठी आईला तसं ठेवलं, ती पिल्लं तरी बघू दे."

"कुठे दुखतंय?"

"नाही."

ती खोटं बोलत नव्हती. वाकली, मान वळवली, दातही वाजवून घेतले. सगळं ठणठणीत. मनाचं विचारायची पद्धतच नव्हती. पाखरं नेहमी आजाऱ्याच्या उशाशी नेली जात. माणूस गेल्यावर मागे उरलेल्यांजवळ कधी कुणी नेलंच नाही, कारण तोवर पाखरूही मेलेलं असायचं. त्यामुळे या कामात केस पांढरे झालेल्या काकांनाही पाखरू मनाच्या कळेवर येतं का, हे ठाऊक नव्हतं.

तिने दाण्यांची वाटी खाली ठेवली. मादी अंड्यांवरून उठली. पिल्लू आलं की काय, म्हणून थोरलीला आनंद झाला. पण पाखरू उडालं आणि तिच्या छातीवर येऊन बसलं.

मग तिला कळलं. तिने ते झटकलं, दाराकडे धावली, पण ते पुन्हा येऊन बसलं. "नको गं," ती म्हणाली. "माझं मला राहू दे." पाखराने तिच्या कपड्यांत चोच खुपसली, एकदा थरथरलं आणि तिच्या ओंजळीत पडलं.

थोरलीला हलकं वाटलं. कितीतरी दिवसांनी श्वास पुरता आत गेला. आईचं ओरडणं तिला आठवत होतं, पण काल भाजी कुठली केली होती हे आठवावं तसं. ओंजळीतल्या पाखराकडे बघून तिने रडायचा प्रयत्न केला. जमलं नाही.

धावण्याचा आवाज ऐकून काकांनी दार उघडलं. त्यांनी पाहिलं आणि भिंतीला धरून ते रडू लागले. कोपऱ्यातल्या नराने मान वर केली, काकांकडे वळून पंख उघडले. थोरलीने काकांच्या तोंडावर दार लावलं.

"बाहेर जाऊन रडा," ती आतून म्हणाली. "हा शेवटचा आहे."

दिव्याची ऊब देऊनही अंडी जगली नाहीत. काकांनी कवायतीत मनाचा प्रश्न घातला, आणि त्यात कुणीच पास होईना. काका स्वतःही नाहीत. आत जायची ती एकटी थोरली. नर तिच्या पायांवरून फिरतो, दाणे टिपतो. तिच्या छातीकडे कधी ढुंकूनही बघत नाही.

धाकट्याच्या कानावर गेलं तेव्हा तो भांडायला आला. फाटकाच्या आत त्याला कुणी सोडलं नसतंच. थोरली बाहेर आली आणि झालं ते तिने सरळ सांगितलं, आवाज न चढवता, न अडखळता. तो तिच्या तोंडाकडे बघत राहिला. भांडायला त्याला समोर कुणी सापडेना.

"आईने मला विचारलं होतं, ते कसं दिसतं म्हणून," ती म्हणाली. "राखाडी असतं. पोटाखाली जरा पिवळं."

मग पदराला हात पुसून ती दाणे निवडायला आत गेली.