मानेमागचे हात

मेजर रेनी टॅलबर्ट फ्रिजला पाठ टेकून जमिनीवर बसली होती, आणि तिच्या नाकातले रक्त ओठांवरून हनुवटीपर्यंत येऊन गणवेशावरच्या रंगीत पट्ट्यांवर थेंबाथेंबाने पडत होते. पाहुणीसाठी केलेले कोलाचे, खसखस भरलेले गोड चेक पाव, टेबलाखाली विखुरले होते. खोलीच्या मधोमध लाइल ह्रुस्का उभा होता. गुडघे किंचित वाकलेले, मुठी छातीशी. त्याचे डोळे उघडे होते, पण त्या डोळ्यांत हे स्वयंपाकघर नव्हते.

त्याच्या बायकोने, व्हर्नाने, हातातली किटली आवाज न करता खाली ठेवली. ती जागची हलली नाही.

"लाइल," ती नेहमीच्या आवाजात म्हणाली, "तू घरी आहेस. नेब्रास्कात. ओव्हन चालू आहे. जळका वास येतोय तो पावाचा आहे."

मग कुणीतरी आतून दिवा लावावा तसा तो हळूहळू परत आला. त्याने स्वतःच्या मुठीकडे पाहिले, मग जमिनीकडे.

"मी कोणाला मारलं?"

"सरकारला," मेजर नाकावर रुमाल दाबत म्हणाली.

व्हर्नाने फ्रिझरमधून गोठलेल्या वाटाण्यांची पिशवी काढून तिच्या नाकावर ठेवली. "डोकं मागे नको टाकू पोरी, रक्त घशात जाईल. पुढे वाक."

"चूक माझीच आहे, मॅडम. न विचारता मागून गेले." मेजरचा आवाज पिशवीआडून येत होता. व्हाइट हाउसमधल्या शौर्यपदकाच्या समारंभाची तालीम घेण्यासाठी सैन्याने तिला पाठवले होते. मानपत्र वाचून होताच पदकाची निळी फीत कशी गळ्यात येते, हे ती दाखवायला गेली होती. "पण सर, राष्ट्राध्यक्षही मागूनच येतात. मागे उभे राहतात, पुढून फीत घेतात आणि मानेमागे चाप लावतात. पहिल्यापासून तीच पद्धत आहे."

"पेटीत घालून नाही देत?"

"पेटीतून फक्त मेलेल्यांना देतात, सर. घरच्यांच्या हातात. जिवंत माणसाच्या गळ्यातच घालावं लागतं."

"मग मला पेटीतूनच द्या," लाइल म्हणाला आणि टेबलाखाली वाकून एकेक कोलाच उचलू लागला.

मेजरबरोबर आलेल्या मानपत्राच्या मसुद्यात त्या सकाळचे वर्णन असे होते: व्हिएतनाममधल्या एका निनावी टेकडीवर, पहाटेच्या हल्ल्यात, काडतुसे संपल्यावरही कॉर्पोरल ह्रुस्का याने जखमी सोबत्यांच्या खंदकाचे एकट्याने रक्षण केले, आणि हातघाईच्या लढाईत शत्रूचा निःपात केला. 'निःपात' हा शब्द व्हर्नाने दोनदा वाचला. किती स्वच्छ, धुऊन वाळवलेला शब्द.

खरे काय झाले ते लाइलने तिला एकदाच सांगितले होते, लग्नानंतरच्या पहिल्या हिवाळ्यात, तो कामाला होता त्या धान्याच्या कोठाराबाहेर उभ्या केलेल्या गाडीत, इंजिन चालू ठेवून, समोरच्या काचेकडे पाहत. तो माणूस मागून आला. त्याचे दोन्ही अंगठे लाइलच्या नरड्यावर भेटले. लाइलच्या हातात खंदक खणायचे आखूड फावडे होते. ते त्याने स्वतःच्या खांद्यावरून मागे हाणले, पुन्हा हाणले, आणि मागून काहीतरी ऊन कॉलरमध्ये उतरू लागले तरी हाणतच राहिला. माणूस मेला. पण त्याची बोटे मेली नाहीत. ते प्रेत पाठीवर लटकलेले असताना लाइलला त्याची बोटे एकेक करून मोडावी लागली. "ओल्या काड्यांसारखी," तो म्हणाला होता. "पटकन मोडत नाहीत त्या." मग त्याने गाडी गिअरमध्ये टाकली आणि ते दोघे किराणा आणायला गेले.

त्यानंतर त्या मानेला कोणी हात लावला नाही. गावचा न्हावी ऑर्व्हल याने एकदा नकळत मानेवरून पावडरचा ब्रश फिरवला, आणि त्याचा पुढचा दात आरशाखालच्या बेसिनमध्ये सापडला. तेव्हापासून लाइल दोन आरशांच्या मध्ये बसून स्वतःचे केस स्वतः कापी. टाय लावायची वेळ आली तर चिमट्याचा. उणे तापमानात, कोठाराच्या शिडीवर, वारा गहू नव्हे तर कातडी सोलत असताना, त्याची मान उघडी आणि लाल असे. गावातली माणसे म्हणत, ह्रुस्का म्हणजे बैल आहे.

आणि व्हर्ना. शाळेच्या स्वयंपाकघरात आयुष्य काढलेली, शेकडो पोरांना कुशीत घेतलेली रुंद हातांची बाई. गावातल्या चेक लोकांच्या सोकोल हॉलमध्ये पोल्का नाच सुरू झाला की बाकीच्या बायका नवऱ्यांच्या गळ्यात हात टाकून गिरक्या घेत. ती त्याचे कोपर धरून नाचे. लोकांना ती ऐट वाटे. दोन मुली झाल्या, त्यांची लग्ने झाली. पण नवऱ्याच्या गळ्यात हात टाकणे म्हणजे काय, हे तिला ठाऊक नव्हते. या एका गोष्टीसाठी ती कधी भांडली नाही, कारण भांडायला समोर कोणी नव्हते. जो होता तो त्या टेकडीवरच कुजून गेला होता.

आता एक परका माणूस, दूरदर्शनवर हात हलवणारा, सहज मागून येऊन तिथे हात ठेवणार होता.

लाइल जाणार नाही, हे दोन दिवसांत गावभर झाले. कॉफीच्या दुकानात ऑर्व्हलने खुर्ची ओढली.

"का रे, राष्ट्राध्यक्षांच्या दातांचा विमा नाहीये का? विचार ना त्या मेजरला."

"गप बस, बोळक्या."

"मी कुठे काय म्हणतो? माझ्या दाताला पदक द्या म्हणतो. तोही लढतानाच पडला."

लाइल हसला. पण त्याच दुपारी न्यू मेक्सिकोतल्या एका इस्पितळातून रामिरो एस्किबेलचा फोन आला. त्या टेकडीवरून लाइलने ज्याला खांद्यावर टाकून खाली आणले तो हा रामिरो. अर्धे आयुष्य त्याने या पदकासाठी कचेऱ्यांचे उंबरठे झिजवले होते. आता त्याच्या प्रत्येक वाक्यामध्ये प्राणवायूच्या नळीचा सूं-सूं आवाज होता.

"ऐकतोस का, ह्रुस्का? येणार नाहीस म्हणे. मी मरत नाहीये अजून, मुद्दाम. टीव्हीवर तुला बघायचं म्हणून. त्या खंदकातले बाकीचे गेले. मीच उरलोय बघणारा."

"रामिरो, मी राष्ट्राध्यक्षांच्या थोबाडीत मारली तर?"

"तर अर्धा देश तुला दुसरं पदक देईल." तो हसता हसता खोकू लागला, आणि तो खोकला संपेपर्यंत लाइल फोन कानाला धरून भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. मग त्याने फोन ठेवला.

"काय करू?" त्याने विचारले.

"जायचं," व्हर्ना म्हणाली. "मी शिकवते."

ती दुभत्या गाईंच्या गोठ्यात वाढली होती. लाथाळ कालवडीला कसे आवरायचे हे तिला बापाने शिकवले होते: आधी आवाज, मग हात, हात एकदा ठेवला की उचलायचा नाही, सरकवायचा, आणि बोलणे थांबवायचे नाही, कारण जनावर हाताला भीत नाही, शांततेला भिते. रोज सकाळी नाश्ता झाला की लाइल सिंककडे तोंड करून खुर्चीवर बसे आणि ती मागे उभी राही. "मी आले. मी व्हर्ना. हा माझा उजवा हात. खांद्यावर ठेवते." मग खांद्यावरून कॉलरच्या शिवणीपर्यंत. दुसऱ्या दिवशी शिवणीच्या पलीकडे. त्याच्या हातांखाली खुर्चीचे दांडे करकरत. सुरकुत्यांमध्ये घाम साचे. ती हवामान सांगे, मक्याचा भाव सांगे, शेजारणीच्या सुनेच्या कुचाळक्या सांगे. आणि एके दिवशी तिची बोटे त्याच्या मानेच्या खळग्यात पोचली, जिथे केस संपतात. तिथली कातडी तान्ह्या मुलाच्या कातडीसारखी होती. कोणी कधी वापरलीच नव्हती. व्हर्नाचा मक्याचा भाव अर्ध्यावरच राहिला.

त्याच आठवड्यात तिने सरावाच्या फितीला खरा, धातूचा चाप लावला. ती बोलत होती, तिचे हातही ऊबदार होते. पण चाप थंड होता. मानेला धातू लागला.

पुढचे तिला तुकड्यातुकड्यांनी आठवे. खुर्ची उलटली. तिचे डोके कपाटाच्या कडेवर आदळले. मग तिच्या गळ्यावर त्याचे दोन्ही अंगठे, एकमेकांना भेटलेले. ती त्याचे नाव घेऊ पाहत होती, पण नाव निघायची वाटच त्याने बुजवली होती. त्याचा चेहरा अगदी जवळ होता आणि त्यावर राग नव्हता. कामावरच्या माणसाचा असतो तसा एकाग्र, मन लावलेला चेहरा. तिच्या टाचा फरशीवर आपटत होत्या. काही पाहण्याचे राहून जाऊ नये अशा तऱ्हेने तिला छताचा रंग दिसला, दिव्यातल्या मेलेल्या माश्या दिसल्या. मग कडेकडेने सगळे काळे होत आले.

हात सुटले ते तिला ओळखल्यामुळे, की तिने धडपड सोडली म्हणून, हे दोघांनाही कधी कळले नाही.

तो भिंतीशी जाऊन बसला आणि दोन्ही हात मांडीखाली दाबून ओरडू लागला. शब्द नव्हते, नुसते ओरडणे. व्हर्ना कुशीवर वळली. श्वास आत घेताना पत्रा घासल्यासारखा आवाज होत होता. बऱ्याच वेळाने ती म्हणाली, "उद्या... परत."

"नाही! ऐकतेस का? मी जात नाही. पोलिसांना बोलव. कोणालाही बोलव."

"उद्या परत, लाइल."

आणि दुसऱ्या दिवशी तो हलला नाही. त्यानंतर कधीच हलला नाही. चाप लागे, निघे, पुन्हा लागे. तो दगडासारखा बसे. मागून येणाऱ्या हातांची भीती गेली नव्हती, पण स्वतःच्या हातांच्या भीतीने त्या भीतीला गिळून टाकले होते. त्या दिवसाबद्दल दोघे पुन्हा बोलले नाहीत. व्हर्ना गळाबंद स्वेटर घालू लागली. समारंभासाठी स्कार्फ घ्यायला ती लिंकन शहरात गेली, तेव्हा दुकानातल्या मुलीने हौसेने तो तिच्या गळ्याभोवती टाकला, आणि व्हर्नाने तिला इतक्या जोराने ढकलले की मांडणीवरच्या टोप्या खाली आल्या. "माफ कर गं," ती म्हणाली. "माझी मी बांधते."

व्हाइट हाउसच्या त्या सोनेरी दालनात मानपत्र वाचून झाले. 'निःपात' शब्दावर कोणाची पापणीही लवली नाही. पहिल्या रांगेच्या टोकाला मेजर टॅलबर्ट उभी होती. तिचे नाक थोडे वाकडे जुळले होते. राष्ट्राध्यक्षांना तिने सर्व समजावले असावे, कारण ते लाइलच्या मागे गेले आणि फितीला हात लावण्याआधी हलकेच म्हणाले, "मी तुमच्या मागे आहे, मिस्टर ह्रुस्का. आता माझे हात येतील."

लाइलने पाहुण्यांमध्ये व्हर्नाला शोधले आणि तिच्यावर डोळे रोवले. हात आले. ते चापाशी चाचपडत राहिले, घसरले, पुन्हा चाचपडले. लाइलच्या बोटांची टोके पांढरी पडली. व्हर्नाने स्वतःचा श्वास धरला. तिला वाटले, त्या व्यासपीठावरून कोणी तिच्याच गळ्याशी चाचपडते आहे. मग बारीकसा 'टक्' आवाज झाला आणि टाळ्या वाजू लागल्या.

नंतर ओळीने हस्तांदोलने झाली. "सुंदर रंग आहे तुमच्या स्कार्फचा," राष्ट्राध्यक्ष तिला म्हणाले. ती "आभारी आहे" म्हणाली. छायाचित्रे निघाली.

गर्दी जेवणाकडे वळली तेव्हा लाइलने तिला बाहेरच्या लांब मार्गिकेत गाठले. वाटेत एका चार ताऱ्यांच्या जनरलने, गळ्यातल्या पदकाचा मान म्हणून, त्याला आधी सलाम केला. कोठारात ट्रकवाल्यांना करी तशी त्याने मान हलवली. त्याचा चेहरा उजळला होता. तसा चेहरा व्हर्नाने लग्नाच्या फोटोतही पाहिला नव्हता.

"रामिरोशी बोललो. रडत होता गाढव. दिसलं म्हणाला, सगळं दिसलं." तो धापा टाकत हसला. "आणि व्हर्ना, काहीच झालं नाही गं. हात आले आणि गेले. नुसते हात. कोणीतरी म्हातारा, चाप लावता येत नाही असा. मेला तो टेकडीवरचा. आज मेला बघ."

"बरं झालं, लाइल."

"तू केलंस हे." त्याने तिच्यापुढे मान वाकवली. पांढऱ्या केसांखालचा तो खळगा, निळी फीत, सारे तिच्या डोळ्यांसमोर आले. "हे काढ आता. तू काढ. आणि मग टाक गळ्यात हात. इथेच. बघू दे बघणाऱ्यांना. इतकी वर्षं तुला... मला काय कळत नव्हतं का? असे टाक."

आणि कसे ते दाखवायला त्याने मान वर केली आणि आपले दोन्ही हात, आजच्यासाठी नखे कापलेले, घासून धुतलेले हात, अगदी सावकाश तिच्या खांद्यांवरून मानेकडे नेले.

ते हवेतच थांबले. व्हर्ना भिंतीशी होती. आपण केव्हा मागे सरलो, तिला कळले नव्हते. तिचे कोपर वर आले होते, हनुवटी छातीशी घट्ट टेकली होती.

"व्हर्ना," तो म्हणाला. "मी आहे. मी लाइल. आपण वॉशिंग्टनमध्ये आहोत."

दालनातून कोणीतरी फोटोसाठी ह्रुस्का कुटुंबाला हाक मारत होते.

"माझी भीती वाटते तुला?"

तिने त्याच्याकडे पाहिले. त्याच्यावर रागावता आले असते तर सोपे गेले असते. मग ती वळली आणि एक हात भिंतीवरून सरकवत, मार्गिकेच्या दुसऱ्या टोकाकडे, जिथे मेजर त्यांचे कोट घेऊन उभी होती, तिकडे चालू लागली.