रडूबाईचा कट

सहा वर्षांची असताना ती एका टेकमध्ये रडायची, म्हणून मालिकेच्या सेटवर तिचं नाव पडलं रडूबाई. तेव्हा सगळ्यांनी डोक्यावर घेतलं. उंची वाढली तसं कुणी विचारेना. मग तिने पंधरा वर्षं दुसऱ्यांच्या कॅमेऱ्यांच्या पेट्या उचलल्या, फोकस सांभाळला, आणि आता कुठे एका सिनेमाचं छायाचित्रण तिच्या हाती आलं होतं. नाव मात्र चिकटलं ते चिकटलंच.

“रडूबाई, किती वेळ आहे?” दिग्दर्शकाने विचारलं.

खिडकीतून आलेलं ऊन भिंतीवर वर वर सरकत होतं. “वीस मिनिटं. मग खेळ खलास.”

वर्गातल्या बाकावर बसलेली चिमुरडी काही केल्या रडेना. पाच टेक वाया गेले होते आणि उद्या ही शाळा शूटिंगला मिळणार नव्हती. दिग्दर्शकाने तिच्या आईला बाहेर पाठवलं.

“लहानपणी सेटवर तुला कसं रडवायचे गं?” त्याने रडूबाईला विचारलं.

“आई तुला टाकून गेली, असं सांगायचे.”

“तेच करतोय. तू कॅमेरा बघ.”

“नको सर. पाठीमागून घेऊ. खांदे दिसले तरी पुरे.”

“पहिलाच सिनेमा आहे तुझा. शहाणपणा नंतर शिकव.”

तिने फोकस लावला. त्याची तिला पुढे फार लाज वाटली.

कॅमेरा सुरू झाला. दिग्दर्शक चिमुरडीच्या कानाशी वाकला आणि बाजूला झाला. तिने दाराकडे पाहिलं. ओठ थरथरले, ऊन नेमकं गालावर होतं, आणि बक्षिसं मिळवून देईल असा चेहरा फ्रेममध्ये उमटला. दिग्दर्शक ‘कट’ म्हणेपर्यंत कॅमेरा थांबवायचा नाही, हा धंद्यातला पहिला नियम. रडूबाईने बटण दाबून कॅमेरा थांबवला.

“कट कोण म्हणालं?”

“मी.”

“मग चालू लाग. कॅमेरा तुझा असिस्टंट धरेल.”

हुंदके देणाऱ्या पोरीला कडेवर घेऊन ती व्हरांड्यात आली. “ही बघ आई. कुठ्ठे गेली नाही.”

“शॉट झाला?” आईने विचारलं.

“मी थांबवला. ते तिला सांगत होते की तुम्ही...”

“माहितीये. मीच सांगितलं त्यांना. घरीसुद्धा ती तेवढ्यानेच रडते.”

आपल्या वेळी ही युक्ती सेटवाल्यांना कुणी पुरवली असेल, हा प्रश्न रडूबाईला इतक्या वर्षांत पडलाच नव्हता. आता पडला आणि समोरच्या आईकडे बघून उत्तरही लगेच मिळालं.

आईने पोरीचं नाक पुसलं. “जा राणी, काका थांबलेत. एकदाच.”

चिमुरडी निमूटपणे वर्गाकडे निघाली. रडूबाईने पुढे होऊन दार ओढून घेतलं, बाहेरून कडी घातली आणि त्याला पाठ लावून उभी राहिली. आतून दिग्दर्शक दारावर थापा मारू लागला.

“ताई, बाजूला व्हा! नुकसान करताय तुम्ही तिचं,” आई ओरडली.

“करतेय,” रडूबाई म्हणाली आणि जागची हलली नाही.