मांजरपाट विणणारा धोटा

मी एक जुना धोटा आहे. मित्रांनो, धोटा म्हणजे काय हे तुम्हाला ठाऊक नसेल तर लाजू नका. ज्या घरात मी राहतो, तिथेही पहिले काही दिवस मला होडीच समजत होते. मागावर उभे धागे ताणलेले असतात. त्यांच्यामधून आडवा धागा घेऊन जो इकडून तिकडे पळतो, तो धोटा. दोन्ही टोकांना लोखंडी नाक, पोटात सुताची कांडी आणि कुशीला एक बारीक भोक. धागा त्या भोकातून बाहेर येतो. ते भोक लक्षात ठेवा.

माझं लाकूड अमेरिकेतलं. आपल्या टेंभुर्णीच्या नात्यातलं एक झाड अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या जंगलात वाढतं. मोठं चिवट आणि मार खाणारं. ते जहाजातून इंग्लंडला गेलं, तिथे मला आकार मिळाला आणि पेटीत बसून मी मुंबईच्या एका गिरणीत उतरलो. या गोष्टीला शंभर वर्षं झाली. साचेखात्यात, म्हणजे मागांच्या विभागात, मला हातात घेतलं ते रत्नागिरीकडून आलेल्या बाळोजींनी. त्यांच्या अंगठ्यानं माझ्या पाठीवर पडलेली खळी अजून आहे.

मी मांजरपाट विणायचो. जाडाभरडा, पांढरा न केलेला, पण टिकाऊ. त्याचे गठ्ठे बंदरावर जात आणि आगबोटीतून एडन, मोंबासा, झांझिबारला पोचत. तिकडच्या बाजारात पूर्वी असंच कापड अमेरिकेतून यायचं. लोक त्याला ‘मेरिकानी’ म्हणत. अमेरिकेत आपसांत युद्ध पेटलं, तिथलं कापड मागे पडलं आणि हळूहळू त्या जागी मुंबईचं कापड शिरलं. आगबोटी वाऱ्याची वाट बघत थांबत नव्हत्या, त्यामुळे शिडाच्या गलबतांचं महत्त्व कमी होत गेलं. काही बंदरं गजबजली, काही मागे पडली. समुद्राच्या दोन्ही काठांवर हातमागाचे कितीतरी विणकर रिकामे बसले, आणि बाळोजींसारखी कितीतरी माणसं शेत सोडून गिरणीच्या भोंग्यावर उठू लागली. एवढं सगळं एका जाड्याभरड्या कापडामागे घडत होतं, आणि मी आपला पळत होतो. थांबणं मला कधी जमलंच नाही.

शेवटी माझं एक नाक वाकलं आणि मला बाद केलं. बाळोजींनी मला घरी नेलं. पुढे मी त्यांच्या नातीकडे, म्हणजे शोभनाआजीकडे आलो. तिचा मुलगा विवेक शिकागोजवळ नेपरव्हिलला आयटीत नोकरी करतो. दोन हजार सहा साली गणपतीच्या आधी ती त्याच्याकडे राहायला आली, तेव्हा मेतकूट आणि लोणच्याच्या बरण्यांमध्ये मला कोंबून घेऊन आली. टोकदार नाकामुळे मला केबिनमध्ये जागा नव्हती. सामानाच्या पोटातून मी पुन्हा अमेरिकेत उतरलो.

खंडेनवमीला विवेकची बायको प्रतिमा हिनं हत्यारांची पूजा मांडली. दोन लॅपटॉप, गाडीच्या किल्ल्या, मिक्सर आणि नवं ड्रिल मशीन. आजीनं गुपचूप मला मध्ये ठेवलं आणि माझ्या वाकड्या नाकाला हळदकुंकू लावलं.

विवेक हसला. “आई, हे आता टूल नाही गं, शोपीस आहे. याला चार हुक लावतो, मस्त की-होल्डर होईल. रोज किल्ल्या शोधण्यात माझी ट्रेन मिस होते.”

मी हबकलो. गिरणीत वर्षानुवर्षं अंगावर मार झेलला, पण माझ्या अंगाला भोकं पाडायचं कुणाच्या मनात आलं नव्हतं. मध्ये पडली ती आजीची सातवीतली नात, अबोली.

“नो, बाबा! मला हे हवंय. सोशल स्टडीजचा प्रोजेक्ट आहे, ओशन ट्रेडवर.”

“ठीक आहे. प्रोजेक्ट होईपर्यंत थांबतो. मग ड्रिल.”

“मी तुला दाखवीन हे टूल आहे ते,” अबोली म्हणाली. ती माझ्याच जातीची निघाली. एकदा निघाली की थांबणं नाही.

तिनं लायब्ररीतून पुस्तकं आणली. गराजमधल्या फळ्या जोडून छोटा माग केला. तो दोनदा मोडला, तिनं तिसऱ्यांदा बांधला. मग माझ्या पोटात सूत गुंडाळलेली पेन्सिल बसवली. धागा काही बारीक भोकातून बाहेर येईना. गिरणीतले लोक भोकाला तोंड लावून श्वासानं धागा ओढत, हे तिनं पुस्तकात वाचलं होतं. तिनं मला उचललं आणि ओठांशी नेलं.

“तोंड लावू नकोस!” आजी एवढ्या जोरात ओरडली की गराजच्या दारात गाडी लावणारा विवेक धावत आत आला.

आजीनं मला हिसकावून घेतलं होतं. “माझे आजोबा दिवसभर असाच धागा ओढायचे,” ती म्हणाली. “सुताची धूळ छातीत जायची. मी लहान होते, त्यांच्या खोकल्यानं जागी व्हायचे. शेवटी त्यांना जिनाही चढवेना. विवेक, तुला शोपीस वाटतं ना हे? माझ्या आजोबांचा श्वास गेलाय रे यातून.”

बाळोजींचा श्वास मला आठवला. उबदार होता, पुढे पुढे तुटक होत गेला. मला त्या वेळी रडता आलं असतं तर मी रडलो असतो.

“तू हे कधी सांगितलंच नाहीस, आई,” विवेक हळू आवाजात म्हणाला.

“तुम्ही कुणी विचारलंत कधी?”

मग आजीनं डोळे पुसले, आपल्या पिशवीतून क्रोशाची सुई काढली आणि त्या भोकातून धागा अलगद ओढून दाखवला.

शाळेच्या जिममध्ये प्रदर्शन भरलं. अबोलीनं नकाशावर दोरे ताणले होते: अमेरिकेचं लाकूड, मुंबईची गिरणी, झांझिबारचा बाजार. माग टेबलावर होता. एका शिक्षिकेनं विचारलं, “सो, फॅक्टरीज मेड एव्हरीवन रिचर?”

“नॉट एव्हरीवन,” अबोली म्हणाली. “मुंबई गॉट रिच. सम वीव्हर्स लॉस्ट देअर वर्क. अँड माय आजीज ग्रँडफादर लॉस्ट हिज ब्रेथ.” एवढं बोलून तिनं मला सोडलं. वाकड्या नाकानं, अडखळत, पण मी उभ्या धाग्यांतून पलीकडे गेलो. किती वर्षांनी! पलीकडे मला झेलायला विवेक उभा होता. त्यानं मला परत पाठवलं.

त्या रविवारी ड्रिल मशीन खरंच सुरू झालं. भोकं मात्र भिंतीला पडली. तिथे बोटांसारख्या दोन लाकडी खुंट्या बसवल्या आहेत, अबोलीच्या हाताला येतील अशा उंचीवर, आणि मी त्यांच्यावर विसावतो. विवेक अजून रोज सकाळी किल्ल्या शोधत घरभर फिरतो.

मित्रांनो, माझ्यासारख्या जुन्या वस्तू पुसून ठेवा, तेल लावा, जरूर जपा. पण तेवढ्यावर थांबू नका. त्या वस्तू चालवणाऱ्या माणसाचं काय झालं, हे घरातल्या कुणाला तरी विचारा. आजी परत जाताना क्रोशाची सुई माझ्याशेजारी ठेवून गेली. आता कुणा मुलानं मला हातात मागितलं, की अबोली आधी त्याच्या हातात ती सुई देते.