निरोप्याचा चेहरा

चांदपाशांनी आरशासमोर पुन्हा एकदा हसून पाहिलं. ओठ कानापर्यंत गेले, पण डोळे जागचे हलले नाहीत.

"अजी, ऐसा हसते गये तो बुढ्ढी डर जाइंगी," मागून त्यांच्या बीबी हाजराबी म्हणाल्या.

दारात महामाया पेढ्यांचा पुडा घेऊन उभी होती. क्लाससाठी दोन वर्षं ती त्यांच्याच माडीवरच्या खोलीत राहिली होती. लातुरातल्या त्या गल्लीत आता राहती माणसं कमी आणि डॉक्टर व्हायला आलेली पोरं जास्त. तिचा एमबीबीएसला नंबर लागल्याचं सकाळीच कळलं होतं, पण गावाकडं तिच्या आजीला, केवळाबाईंना, अजून कुणी सांगितलं नव्हतं.

"आजी म्हणली, फोनवर मला काय सांगू नका, चांदभाईला धाडा," महामाया म्हणाली. "पप्पाला बी गप बसवलंय तिनं."

हीच तर अडचण होती. चांगली बातमी सांगायची चांदपाशांना सवय नव्हती.

तरुणपणी ते गंजगोलाईच्या बाजारात बापाच्या बांगड्यांच्या दुकानात बसायचे. तिथं एका दिग्दर्शकाची नजर त्यांच्या लांबोळ्या, ओघळलेल्या चेहऱ्यावर पडली आणि त्यांनी कोल्हापूर गाठलं. सिनेमात त्यांना एकच काम मिळालं, आणि तेच पुरून उरलं. दारात येऊन उभं राहायचं, डोक्याचा पटका काढून दोन्ही हातांत धरायचा आणि मान खाली घालायची. वाक्य पाठ करून जावं, तर ते बोलायच्या आतच नायिकेच्या हातातलं ताट पडायचं आणि कॅमेरा तिच्याकडं वळायचा. दिवस मात्र झकास होते. जत्रेतल्या तंबूत सिनेमा लागला की बायकांच्या बाजूनं आवाज यायचा, "आला मेला, आता कुणीतरी गेलं." मागं अंधारात उभं राहून ते ऐकताना चांदपाशांची छाती फुगायची. एकदा हौसेनं विनोदी काम घेतलं, तर सगळा तंबू चिडीचूप. हा कुणाची बातमी आणतो, याची लोक शेवटपर्यंत वाट बघत बसले. नात्यातही लग्नाचं आवतण द्यायला त्यांना कुणी कधी धाडलं नाही. त्याचं हसू यायचं, आणि आतून लागायचंही.

पुढं ते लातुरात परतले, आणि मग भूकंप झाला. चांदपाशा सरकारी दवाखान्यात मदतीला गेले, तेव्हा पाय मोडलेल्या एका तरुणानं त्यांचा हात धरला. तो केवळाबाईंचा आनंदराज, महामायाचा बाप.

"माझ्या मायला सांगा चाचा, मी जित्ता हाय म्हणून."

मदतीचे पाव नेणाऱ्या ट्रकमधून ते त्याच्या गावी पोचले. केवळाबाई दगडांच्या ढिगाऱ्यावर बसून होत्या. चांदपाशांनी सवयीनं टोपी काढून हातात घेतली, आणि तिथंच चुकलं. त्या चेहऱ्याकडं एकदा बघून बाईंनी हंबरडा फोडला. भोवतीच्या बायकांनाही तो चेहरा जत्रेपासून ओळखीचा, त्याही ऊर बडवू लागल्या. "मुलगा जिवंत आहे," असं चांदपाशा घसा फुटेस्तोवर ओरडले. कुणी ऐकूनच घेईना. शेवटी त्यांनी बाईंना ट्रकमध्ये बसवून लातुरात आणलं. वाटभर त्या रडत होत्या. खाटेवरच्या लेकाला चाचपून झाल्यावर त्या वळल्या आणि चांदपाशांच्या खांद्यावर एक रट्टा हाणला.

"आधी सांगायला काय धाड भरली व्हती तुमाला?"

त्या दिवसानंतर चांदपाशांनी सिनेमाची गोष्ट कुणाला कौतुकानं सांगितली नाही. आता मात्र त्यांना एकदा, मरायच्या आधी एकदा तरी, आनंदाची बातमी आनंदासारखी सांगायची होती.

एसटीत ते सगळ्या वाटेनं वाक्य घोळवत राहिले. नव्या गावठाणाच्या फाट्यावर उतरले तेव्हा ऊन चढलं होतं. सारख्या घरांच्या सरळ ओळीतून चालताना गुडघे बोलू लागले, घामानं डोळे चुरचुरले. केवळाबाईंच्या दारात पोचेपर्यंत आरशापुढं बसवलेलं हसू कुठं गळून पडलं, ते त्यांना कळलंही नाही. धाप लागली होती. घाम पुसायला त्यांनी टोपी काढली, मग ती दोन्ही हातांत तशीच राहिली आणि मान खाली गेली.

शेजारची शांतम्मा घागर घेऊन चालली होती. चांदपाशांना बघताच ती थबकली, तिनं तोंडाला पदर लावला. चांदपाशांच्या मनात आलं, पुन्हा तेच.

ओट्यावर सुपातली डाळ निवडणाऱ्या केवळाबाईंनी वर पाहिलं. कपाळावर हात धरून त्या बराच वेळ तो चेहरा न्याहाळत राहिल्या. मग त्यांनी सूप बाजूला सारलं. बोळक्या तोंडभर हसू पसरलं.

"शांतम्मा, चहा ठिव गं. पोरीचा नंबर लागला आमच्या."

"अवो मावशी," शांतम्मा घाबरून म्हणाली, "त्यांनी अजून तोंड बी उघडलं न्हाई."

"मग? बघ की कसं तोंड घिऊन आलाय." केवळाबाई पदरानं डोळे पुसत उठल्या. "आनंदराज जित्ता निघाला, तवा बी असंच व्हतं."

त्यांनी ओट्यावरची जागा हातानं झाडली.

"बसा चांदभाई. आता सांगा."