उतरलेल्या सुराचा पियानो

मित्रांनो, मी एक जुना पियानो आहे आणि इंग्लंडमधल्या हल शहरातल्या गोदीकामगारांच्या क्लबात माझा सारा जन्म गेला आहे. आधीच कबूल करतो, माझं मन काही मोठं नाही. आपली कहाणी सांगताना वस्तूने शेवटी सगळ्यांना क्षमा करायची असते म्हणे. मला ते जमेल असं वाटत नाही, पण बघू.

मी घडलो तो लंडनच्या एका कारखान्यात. अक्रोडाचं लाकूड, पंच्याऐंशी पट्ट्या आणि मेणबत्त्या लावायला पितळेचे दोन हात, असा माझा थाट होता. क्लबात आलो तेव्हा दार चांगलं रुंद होतं. पुढे बारचा ओटा वाढवताना भिंत पुढे आली, आणि मी कायमचा आत राहिलो. हंबर नदीची ओल वर्षभर आत येई, हिवाळ्यात पाठीमागचा हीटर ती सुकवून टाकी. या ओल्या-सुक्यात माझ्या तारा सैल पडत गेल्या. सूर उतरत उतरत ना धड पांढरीत, ना धड काळीत असा मधेच येऊन बसला. पियानोत बहुतेक सुरांना तीन-तीन तारा असतात. माझ्या तिन्ही एकमेकींशी कुरकुरत. शिवाय मधल्या एका पट्टीखालचा नमदा, म्हणजे लोकरीचा मऊ थर, झिजला होता. ती दाबली की सुराआधी 'टक्' असा लाकडाचा आवाज येई. बिंगोला येणारी मंडळी माझ्यावर बिअरचे पेले ठेवत, आणि क्लब सांभाळणारी नोरीन त्यांची ओली वर्तुळं पुसत सगळ्यांच्या नावाने बोटं मोडी.

अशात एका दुपारी लॉरेन स्केल्टन आली. सतरा वर्षांची, आवाज खरखरीत, अंगात भावाचा कोट. भाऊ नील गिटार घेऊन मागे, आणि ढोल वाजवणारा एक मित्र. नोरीन त्यांच्या आईची मैत्रीण, म्हणून सरावाला ही खोली मिळाली होती. बँडचं नाव त्यांनी ठेवलं होतं 'द स्लो फेरीज'.

लॉरेनने माझं झाकण उघडून एक सूर धरला. नीलने गिटार छेडली आणि तोंड वाकडं केलं.

"अगं, हा बेसूर आहे."

"बेसूर नाही, उतरलाय. दोन्हींत फरक असतो, शहाण्या."

"मग आता काय, याच्या एवढ्या तारा चढवत बसायच्या?"

"तुझ्या सहाच आहेत ना? त्या उतरव. म्हातारा तो आहे, तू नाहीस."

मित्रांनो, जन्मात माझ्यासाठी पहिल्यांदाच कोणीतरी आपला सूर खाली आणला. त्या दिवसापासून मी त्या पोरीचा झालो.

त्यांचं पहिलं गाणं, 'पुलाच्या अलीकडे', याच खोलीत ध्वनिमुद्रित झालं. हीटर बंद, खिडक्यांवर घोंगड्या, आणि नोरीनला दम भरलेला की पेल्यांचा आवाज करायचा नाही. गाणं रेडिओवर लागलं आणि देशभर वणव्यासारखं पसरलं. घराघरांत पोरं गिटार घेऊन ते वाजवायला बसली. कोणाचंच जुळेना! आपलीच गिटार बिघडली असं समजून बिचारी खुंट्या पिळत बसली. आणि इकडे मी मिशीत हसत होतो, मिशी नसली तरी.

मग तो आला. कीबोर्ड. काळाकुळकुळीत, चपटा, अंगभर दिवे. रेकॉर्ड कंपनीने दिलेला. लॉरेनने त्याला काखेत धरून आणलं. मला आजवर कोणी काखेत धरलेलं नाही. आणि ठेवला कुठे? माझ्याच डोक्यावर! कालचं पोर ते, ना लाकूड, ना तार, पण सूर कसा, सुरीने कापल्यासारखा. "वा, काय स्वच्छ वाजतो!" नील म्हणाला. स्वच्छ! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. गाणं मी घडवलं, आणि हा आयत्या बिळावर नागोबा.

ते गेले. यॉर्कशायरची मैदानं, लंडन, जपान, अमेरिका. बारवरच्या टीव्हीत मी सगळं बघत होतो. दुसरी रेकॉर्ड पहिलीहून जास्त खपली. लॉरेनची बोटं त्या चपट्यावर फिरताना दिसली की माझी एखादी तार आपोआप झणकारे. नोरीन म्हणे, "उंदीर झालेत वाटतं यात." उंदीर नव्हते, बाई.

तिसऱ्या रेकॉर्डमध्ये त्यांनी चाळीस व्हायोलिनं घातली आणि ती साफ पडली. भाऊ-बहीण बोलेनासे झाले, बँड फुटला. खरं सांगू? ती बातमी आली त्या दिवशी मला बरं वाटलं. मनात आलं, चला, आता त्या दिवेवाल्यावरही धूळ बसेल. पोरांचं घर मोडलं होतं आणि मी धुळीचा हिशेब करत होतो. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, तसा मी.

वर्षं गेली. आणि एका सकाळी नोरीन फोनवरून धावतच माझ्यापाशी आली. आता तिचेही केस पांढरे झाले होते.

"अरे, ऐकलंस का? लॉरेन येतेय! गाण्याला पंचवीस वर्षं झाली म्हणून बँड परत एकत्र आलाय. गावोगाव कार्यक्रम आहेत, आणि तिला तू हवायस, तू!"

मी हवा होतो. त्याला सोडून मी! मला वाटलं, भिंत पाडून का होईना, आता मला नेणार.

नोरीनला मात्र वेगळीच काळजी लागली. पाहुणे यायचे म्हणून इथल्या बायका दाराची पायरीसुद्धा घासून घेतात. तिने मला मेण लावलं आणि सूर जुळवणाऱ्या गॉथर्पला बोलावलं. त्याने पुढची फळी काढून आत बघितलं आणि मान हलवली.

"नोरीन, पंचवीस-तीस वर्षांत याला कोणी हात लावलेला नाही. एकदम वर चढवला तर तारा तुटतील. राहू दे की तसाच."

"तसाच? जपान फिरून आलेली पोरगी ती. माझ्या क्लबात तिला असला रडका पियानो देऊ? माझं नाक कापलं जाईल, गॉथर्प."

"बरं बाई. पण एक जरी तार तुटली, तरी मी थांबणार."

मित्रांनो, तिथे सगळं माझ्या हातात होतं. एक तार सोडून दिली असती तर तो थांबला असता. पण माझ्या डोळ्यांसमोर तो चपटा होता. त्याच्यासारखा सूर! एकदा तरी! मी दात-ओठ खाऊन ताण सोसला आणि एकही तार तुटू दिली नाही. गॉथर्पने झिजलेला नमदा बदलायलाही हात घातला होता. नशीब माझं, की त्याच्या पिशवीतला नमदा संपला होता.

शुक्रवारी लॉरेन आली, तिच्यामागे नील, आणि नीलच्या काखेत तो चपटा. लॉरेनने स्टूल ओढलं आणि गाण्याचे पहिले सूर वाजवले. काय वाजलो मी! कापल्यासारखा, धुतल्यासारखा.

तिचे हात पट्ट्यांवरच थांबले.

"मावशी... याला काय केलंस गं?"

"जुळवून घेतला, पोरी. तुझ्यासाठी. का, चांगला नाही वाजत?"

"चांगला वाजतो," लॉरेन म्हणाली, आणि तिचा चेहरा पडला. "असा तर नीलच्या काखेतलाही वाजतो."

तेव्हा कळलं. ती माझा उतरलेला आवाज न्यायला आली होती. एकेक पट्टी माइकसमोर वाजवून तो कीबोर्डात भरायचा, असं ठरलं होतं. त्याच्याकडे जगातले सगळे आवाज होते, हा एक सोडून. आणि तोच मी जळफळाटापायी घालवून बसलो होतो. नोरीन रुमालाऐवजी बार पुसायच्या फडक्यानेच डोळे पुसू लागली.

गॉथर्पला फोन लावला. तो पलीकडून हसला. "एवढ्या वर चढवलेला म्हातारा तिथे टिकतोय थोडाच? तीन आठवड्यांत येईल खाली. हीटर बंद करा, खिडकी उघडा."

पहिला कार्यक्रम चौथ्या आठवड्यात होता. नोरीन रोज सकाळी कोट घालून नदीकडची खिडकी उघडी टाकी, आणि बिंगोवाले थंडीने तिला शिव्या घालत. मला मात्र सूर सोडवेना. आयुष्यभर हेवा केलेली वस्तू हाती आली होती, आणि ती सोडायची कोणासाठी? तर त्याच्यासाठी! दोन आठवडे मी हटून बसलो. मग एके दुपारी लॉरेन एकटीच आली, थंडगार पट्ट्यांवर हात ठेवून बसली आणि म्हणाली, "म्हाताऱ्या, माझाही आवाज आता वर जात नाही रे. तू खाली आलास तरच मला गाता येईल."

एकदा तिने नीलला माझ्यासाठी खाली आणलं होतं. मी सुटलो, तार तार सुटलो. तिन्ही तिन्ही पुन्हा कुरकुरू लागल्या.

माइक लागले. पंच्याऐंशी पट्ट्या तिने एकेक करून वाजवल्या, टक् करणारीसुद्धा. मग त्याला काखेत घेऊन सगळे निघून गेले. मला नेलं नाही. भिंत आहे तशीच आहे.

परवा रेडिओवर त्यांचा कार्यक्रम लागला. नोरीनने आवाज मोठा केला. हजारो माणसं, खाली आलेली गिटार, लॉरेनचा खरखरीत गळा, आणि त्या चपट्याच्या पोटातून आलेलं ते, टक्. माझं. माणसांनी छत डोक्यावर घेतलं. पोटात दुखायला लागलं, सवयीने. मग प्रश्न पडला की आता जळू तरी कोणावर?

म्हणून सांगतो मित्रांनो, जुन्या वस्तूला नीट करण्याआधी एकदा नीट ऐकून घ्या. आणि तो कीबोर्ड कुठे दिसलाच, तर त्याला जपून धरा. त्याच्या आत मी आहे.