लेण्यात ऊन नेणारा आरसा

मित्रांनो, मी एक जुना आरसा आहे. माझ्यात बघून भांग पाडावा, अशी माझी अवस्था आता राहिलेली नाही. डाव्या कोपऱ्यातला पारा उडाला आहे आणि मधोमध एक डाग आहे, तो नेमका बघणाऱ्याच्या नाकावर येतो. त्यामुळे माझ्याविषयी चांगलं बोलणारं कोणी उरलेलं नाही. तेव्हा ते काम मलाच करावं लागत आहे.

माझा जन्म परदेशात झाला असं म्हणतात. मला आठवतं ते जळगाव. तिथल्या एका कापसाच्या व्यापाऱ्याच्या कपाटाच्या दारात मी बसलेला होतो. व्यापारी रोज माझ्यासमोर पगडी बांधत आणि स्वतःवर खूश होऊन पेढीवर जात. ते माझं कौतुकाचं वय. पुढे ते वारले आणि त्यांच्या दोन मुलांनी घराची अगदी न्यायानं वाटणी केली. कपाट थोरल्याकडे गेलं, कपाटाचं दार धाकट्याकडे. धाकट्यानं काही महिने मला भिंतीला टेकवून ठेवलं, मग कंटाळून ओळखीच्या हबीबला देऊन टाकलं.

हबीब अजिंठ्याची लेणी दाखवीत असे. स्टेशनवर गिऱ्हाईक गाठायचं, भाड्याच्या मोटारीत बसवायचं, निजामाच्या हद्दीत न्यायचं आणि दिवसभर हिंडवून परत आणायचं, हा त्याचा धंदा. लेणी म्हणजे डोंगरात कोरलेल्या खोल्या. आत भिंतीभर चित्रं आणि ती झाकायला भरपूर अंधार. धुरानं चित्रं काळी पडतात म्हणून मशाल न्यायची नाही. मग हबीब मला घेऊन बाहेर उन्हात उभा राही आणि माझ्यावर पडलेलं ऊन आत फेकी. आत एकजण पांढरी चादर धरून उभा असे. तिच्यावरून ते ऊन भिंतीवर पसरे, आणि शेकडो वर्षांपूर्वीची माणसं एकदम समोर येऊन उभी राहत. आजवर लोक माझ्यात बघत आले होते. इथं पहिल्यांदा ते माझ्याकडे पाठ करून उभे राहिले आणि माझी किंमत वाढली.

मग मला उन्हात दगडाला टेकवून हबीब आत जाई आणि तोंडानं माहितीही देई. मुकुट असला की तो राजा, मान खाली असली की ती राणी, आणि दोघांचं पटत नव्हतं, हे तो प्रत्येक भिंतीपुढे तितक्याच खात्रीनं सांगे. लोक माना डोलवीत आणि हबीबच्या तोंडाकडे बघत. चित्रांकडे बघायचं राहूनच जाई.

हिवाळ्यात हबीब बाजाराच्या गावी जाऊन प्रवासी जमवी. एकदा तो मला घेऊन एरंडोलच्या बाजारात गेला. माझ्यातून उन्हाचा कवडसा समोरच्या घरांच्या धाब्यांवर फिरवत त्यानं गर्दी जमवली आणि लेण्यांचं वर्णन सुरू केलं. गर्दीत एक पन्नाशी ओलांडलेली बाई होती, झुंबरबाई. गाव तिला झुंबरअक्का म्हणे. लग्नघराच्या भिंती चितारायला आसपासच्या गावांतून तिला बोलावणं येई. हत्ती, मोर, पालखी, मांडवाला शोभेल ते सगळं ती काढी. लग्न पार पडलं की पुढच्या दिवाळीला त्यावर चुना फिरे. ही तिकडची रीतच होती. पुढचं लग्न निघालं की कोरी भिंत तयार हवी.

हबीबचं सगळं वर्णन ऐकून तिनं एकच प्रश्न विचारला.

"तठे कोनी चुना मारस नही का?"

"नाही, अक्का. हजार वर्षं झाली, कुणी हात लावला नाही."

ती गर्दीतून वाट काढत पुढे आली. मग म्हणाली, "माले नेशी का?"

न्यायला हबीब एका पायावर तयार होता. घर तयार नव्हतं. अक्काला काचबिंदू झाला होता. मोतीबिंदू असता तर काढून टाकला असता, हा काढता येत नाही, उरली आहे ती नजर वर्षभर पुरली तरी खूप, असं धुळ्याच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं. तिला आता बाजूचं काही दिसत नसे. नाकासमोर ताटाएवढं जे दिसे, तेवढंच जग तिच्याकडे शिल्लक होतं.

हबीबनं पुढच्या बाजारापर्यंतची मुदत दिली. मोटार भरली की भरली, मग मला बोल लावायचा नाही, असं सांगून तो मला घेऊन जळगावला परतला.

पुढच्या बाजाराला आम्ही थेट तिच्या घरीच गेलो. ओट्यावर भाईदास नाना बसले होते. हे अक्काचे धाकटे दीर, पण भाऊ वारल्यापासून घरातले कर्ते. शेजारी अक्काचा मुलगा अभिमन. तो तिथल्या शाळेत मास्तर होता. आठ दिवसांत ठरलं काहीच नव्हतं, उलट मुद्दे वाढले होते.

"देव शे का तठे?" नानांनी विचारलं.

"आहे ना. बुद्ध भगवान. एवढा मोठा."

"पूजा व्हस का?"

"पूजा नाही होत, नाना."

"घंटा?"

"घंटा पण नाही."

नानांनी अभिमनकडे बघितलं. "जठे निवद नही, घंटा नही, तठे देव जागा ऱ्हास नही. मंग जावानं कसाले? आनी देवना घर जावाले वाटाड्या कसाले लागस?"

"देवासाठी नाही लागत," हबीब म्हणाला. "पायरी कुठं संपते ते सांगायला लागतो."

मित्रांनो, अडचण कळली ना? देवदर्शन म्हणावं तर पूजा नाही. सहल म्हणावी तर विधवा बाई सहलीला निघाली, हे गावाला काय सांगायचं? दोन्हींच्या मध्ये बसेल असा शब्द नानांकडे नव्हता, आणि शब्दावाचून नाना परवानगी देत नसत.

अभिमनचं म्हणणं वेगळं होतं. तो मायेचा मुलगा होता. खूप मायेची माणसं कधी कधी फार सोयीचा उपाय काढतात, तसा त्यानं काढला.

"माय, तुला समोरचा माणूस धड ओळखू येत नाही. तिथं अंधारात काय दिसणार? पडलीबिडलीस म्हणजे? मी जाऊन येतो. एकेक चित्र नीट बघतो आणि तुला सगळं सांगतो."

अक्का उंबऱ्यात बसून वाती वळत होती. हात न थांबवता ती म्हणाली, "मंग मन्हं जेवन बी तूच जेवी ये, आनी माले सांग पोट भरनं का ते."

नाना हसले, मग आपण कोणत्या बाजूचे आहोत ते आठवून थांबले. अभिमनचा चेहरा उतरला. त्याचं चुकत होतं असं नाही. पडली असती तर तिला उचलायला तोच होता.

हबीब उठला. "भांडता कशाला? अक्काला दिसतं का नाही, ते इथंच बघू."

त्यानं मला अंगणात नेलं आणि ऊन पकडून दारातून सरळ माजघरात फेकलं. त्या घरात जन्मापासून राहिलेल्या माणसांनीही माजघराची मागची भिंत तशी कधी बघितली नव्हती. जळमटं दिसली, धुराचे ओघळ दिसले, एक पाल दिसली. आतून अभिमनची बायको घाईघाईनं केरसुणी घेऊन आली आणि मला बघून रागानं परत गेली. घरात उजेड आणणाऱ्याचं स्वागत बहुधा असंच होतं.

अक्का चालत भिंतीपाशी गेली. कवडशाच्या कडेला चुन्याचा एक पोपडा सुटला होता. त्याच्याखाली गेरूचा रंग होता. तिनं नखानं आणखी थोडा पोपडा काढला. खालून एक गोल, जाड पाय निघाला. नखं रेखलेली होती. पायात तोडा होता.

"हाऊ पाय मन्हा शे," ती म्हणाली.

अभिमन पुढे आला. इतका बारीक तोडा त्यालाही आधी दिसला नव्हता.

"नाना," अक्का भिंतीकडेच बघत म्हणाली, "तुमना लगीनना हत्ती शे हाऊ. मी नवीन उनी व्हती ना तव्हय. यान्हावर तुम्हीन नि तानुबाई बसेल व्हतात."

तानुबाई म्हणजे नानांची बायको. तिला जाऊन बरीच वर्षं झाली होती आणि तिचा फोटो कोणी कधी काढलेला नव्हता. नाना उठून भिंतीपर्यंत आले. वर हत्तीच्या पाठीवर अजून चुना होता, त्याच्याखाली काय उरलं असेल ते कोणालाच माहीत नव्हतं. त्यांनी हात वर नेला, पण पोपडा ओढला नाही. हबीबचे हात भरून आले होते, तरी त्यानं मला हलू दिलं नाही.

शेवटी नाना हात खाली घेऊन म्हणाले, "निवद लिसन जावानं. रिकामं नही."

म्हणजे ते देवदर्शन ठरलं.

ठरल्या दिवशी मोटारीत अक्का, अभिमन, नाना आणि खापरावरच्या पुरणपोळ्यांची एक टोपली चढली. लेण्यांच्या पहारेकऱ्यानं टोपली खालीच ठेवायला लावली. नानांनी नदीच्या काठावरून डोंगराकडे तोंड करून निवद दाखवला आणि पहारेकऱ्यालाही एक पोळी दिली, त्यानं तीच जास्त मनापासून स्वीकारली.

आत गाभाऱ्यात बुद्धाची मूर्ती होती, डोळे खाली झुकलेले. हबीबनं राजा-राणीची सुरुवात केली, तोच नानांनी बोट वर केलं.

"देव ध्यानमा शेतस. बोलानं नही."

हबीबनं दोनदा प्रयत्न केला. दोन्ही वेळा ते बोट वर आलं. मग तो गुपचूप बाहेर येऊन मला धरून उभा राहिला. त्याच्या सगळ्या धंद्यात लोकांनी चित्रं बघितली, अशी ती एकच फेरी.

अक्का भिंतीजवळ जाऊन उभी राहिली आणि हातानंच खुणा करू लागली. खाली. जरा उजवीकडे. मी ताटाएवढा उजेड तिच्या ताटाएवढ्या नजरेपुढे सरकवत राहिलो. एक हात आला, बोटांत फूल. मग एक खांदा. मग गिलावा निघालेली उघडी जागा. तिथं ती वाकली आणि हळूच अभिमनला म्हणाली, "दख, आठे बी माती नि भुसाच शे. आपला घरनागत."

देव ध्यानात असूनही या वेळी नानांनी बोट वर केलं नाही.

बाहेर आल्यावर हबीबनं विचारलं, "कसं वाटलं, अक्का?"

तिनं विचार केला. "यास्ना घर दुसरं लगीन निंघनंच नही व्हई," ती म्हणाली. "म्हनीसन चितर ऱ्हायनं."

पुढच्या वर्षी तिची नजर गेली. त्यानंतर लढाई आली, पेट्रोल मिळेना, मोटार बंद पडली आणि हबीबचे गुडघेही. मी त्याच्या अंगणात आलो. त्याची सून शहनाज पापड वाळत घालते तेव्हा कावळे येऊ नयेत म्हणून मला उन्हात टांगते. अंगावर पडलेलं ऊन मी अजूनही इमानानं पुढे पाठवतो. कावळ्यांच्या डोळ्यांत पाठवतो, एवढाच फरक.

एकदा तिथंच अभिमन आला. केस पिकले होते. त्याच्या मुलीचं लग्न निघालं होतं. "हबीबभाऊ, मायनं सांगितलंय, आरसा घेऊनच या."

आम्ही गेलो. माजघराची भिंत चितारलेली होती. अक्कानं ती एका हातानं चाचपत, दुसऱ्या हातानं रंगवली होती. रंगाचे डबे अभिमननं धरले होते. मोराची मान भलतीकडे गेली होती आणि पालखी एका भोयाच्या डोक्यावरून पुढे निघाली होती. पण मधोमध एक हात होता, बोटांत फूल धरलेला, आणि तो तिथं बघितला होता तसाच होता. मी दोन्ही बघितले आहेत, म्हणून सांगतो.

पाहुणे दाराशी गर्दी करून उभे होते. आत नेहमीचा अंधार होता. अक्का भिंतीला पाठ लावून बसली होती.

"उजेड टाक, भाऊ," ती म्हणाली. "बठ्ठास्ले दखू दे."

सगळ्यांना दिसावं म्हणून हबीब गुडघे सांभाळत अंगणात उभा राहिला. मी होतं नव्हतं तेवढं ऊन आत नेलं. मंडळी गप्प झाली. पोरी पुढे सरकल्या, नानांना कोणी तरी धरून आणलं. अक्का सगळ्यांच्या शांततेकडे कान देऊन बसली होती, आणि तिच्या तोंडावर ऊन पडलं होतं.

त्या दिवाळीलाही चुना लागला असणार. लागावाही, घरात आणखी मुली आहेत. मित्रांनो, माझं मागणं फार मोठं नाही. मला पुसा, माझा पारा नवा करा, असं मी म्हणत नाही. चुना मारायचा तर जरूर मारा. फक्त त्याआधी दार पुरतं उघडा, घरातल्या सगळ्यांना बोलवा, आणि भिंत एकदा उजेडात बघून घ्या. जिनं ती चितारली, तिला शेजारी बसवायला विसरू नका.